मेल्यावर चालायला लागणारं झाड

ऑक्टोबर सरता सरता अमेरिकेच्या पश्चिमेकडच्या कोरड्या मुलखात थंडीचा पहिला कडाका पडतो आणि एक झुडूप उभ्या उभ्या मरतं. कमरेइतकं उंच, चेंडूसारखं गोल. दोन आठवड्यांपूर्वी हिरवं-जांभळं होतं, आता वाळून तपकिरी झालेलं आणि हात लावाल तर बोटांत काटे मोडतील असं. त्याच्या बुडाशी, जिथे खोड जमिनीत शिरतं तिथे, पेशींचा एक कमकुवत थर आधीच तयार होऊन बसलेला असतो. पिंपळाचं पान गळतं तेव्हा देठाच्या टोकाशी असाच थर तुटतो. पिंपळ एकेक पान टाकतो, हे झुडूप स्वतःलाच टाकतं. वारा सुटला की खोड कट्‌कन मोडतं, मुळं जमिनीत राहतात आणि वरचा सगळा गोळा घरंगळत निघतो. शेतातून, रस्त्यावरून, माळावरून, जाता जाता बी पेरत.

अशा घरंगळणाऱ्या झुडपांना टंबलवीड म्हणतात. ही सवय एकाच झाडाची नाही, वनस्पतींच्या अनेक कुळांनी ती आपापली कमावली आहे. आपल्याकडे गोव्याच्या किनाऱ्यावर वाळूच्या टेकड्यांवर स्पिनिफेक्स नावाचं एक गवत वाढतं. त्याच्या मादी झाडावर लांब काट्यांचे गोल गेंद येतात, ते पिकले की सुटतात आणि ओल्या वाळूवरून टुणटुण उड्या मारत पळतात. तामिळ आणि मल्याळममध्ये या गवताला रावणाच्या मिशा म्हणतात. पण तिथे फक्त बियांचा गेंद सुटतो. अख्खं झाड सुटून फिरण्यात ज्याचं नाव झालं ते साल्सोला ट्रॅगस, आणि हे सगळं त्याच्याबद्दल.

अमेरिकेत त्याला ‘रशियन थिसल’ म्हणतात. त्यातला थिसल हा शब्द चुकीचा आहे, कारण थिसल हे सूर्यफुलाच्या कुळातलं काटेरी झाड आणि याचा त्या कुळाशी काही संबंध नाही. रशियन हा शब्दही अर्धाच खरा. युक्रेन आणि दक्षिण रशियाच्या गवताळ मैदानांपासून पार मध्य आशियापर्यंत हे मूळचं रहिवासी. रशियन भाषेत अशा झुडपांना ‘पेरेकाती-पोले’ म्हणतात, म्हणजे शेतावरून घरंगळणारं. मला हे नाव जास्त आवडतं. युक्रेनमध्ये त्याला ‘कुराय’ म्हणतात. लाकूडफाटा नसलेल्या त्या मैदानांत लोक हिवाळ्यात कुराय गोळा करून चुलीत घालत.

शास्त्रीय नावाचीही ओढाताण बरीच झाली. स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसनं १७५६ मध्ये साल्सोला ट्रॅगस हे नाव दिलं. १९०९ मध्ये वायोमिंगचे वनस्पतिशास्त्रज्ञ एव्हन नेल्सन यांनी त्याला ‘पेस्टिफर’ म्हटलं, म्हणजे साथ आणणारं. २००७ मध्ये त्याला ‘काली’ नावाच्या वेगळ्या प्रजातीत टाकलं गेलं आणि दहा वर्षांनी पुन्हा साल्सोलात आणलं. त्यामुळे वाचताना दोन्ही नावं भेटतात. यातलं साल्सोला हे लॅटिन शब्दावरून आलंय, त्याचा अर्थ खारट. ‘काली’चा अर्थ पुढे येईल, तो थेट आपल्या स्वयंपाकघरापर्यंत पोचतो.

कुळ मात्र आपल्या ओळखीचं आहे. चाकवत, पालक, बीट, राजगिरा ही सगळी याची भावंडं. पालक खाल्ल्यावर दात खरखरीत होतात ते ज्या ऑक्झलेटमुळे, ते साल्सोलातही भरपूर असतं. कोवळं असताना तर हे रोप बघून कुणी त्याला तण म्हणणार नाही. बारीक, लांब, मांसल पानं सुईसारखी वर आलेली, खोडावर लालसर-जांभळ्या रेघा. त्या वयात ते मऊ आणि रसाळ असतं, गुरं आवडीनं खातात. मग उन्हाळा चढतो तशी नवी पानं आखूड होत जातात, प्रत्येकाच्या टोकाला काटा येतो आणि जुलै उलटल्यावर तोंड लावायची गुरांची हिंमत होत नाही. फूल शोधावं लागतं. पाकळ्या नाहीत, वास नाही. पानाच्या बेचक्यात काटेरी पानांच्या आडोशाला ते दडलेलं असतं. परागीकरण वाऱ्यावर सोपवलेलं असल्यानं पराग हवेत अमाप उडतात आणि स्पेनपासून इराण-सौदीपर्यंतच्या कोरड्या प्रदेशांत शिंका, डोळे चुरचुरणं आणि दमा यांमागे बऱ्याचदा हेच पराग असतात.

खाऱ्या जमिनीत पाणी कसं प्यायचं

ज्यांनी क्षारपड जमीन पाहिली आहे त्यांना हे पटकन कळेल. माझ्या मामांच्या मळ्याचा नदीकडचा तुकडा असा होता. चिखल पायाला लागायचा, म्हणजे पाण्याला तोटा नव्हता, आणि तरी ऊस पिवळा पडून खुरटलेला. उन्हं तापली की सरीच्या माथ्यावर पांढरी खरड फुटायची, बोटानं उचलून जिभेला लावली की खारट-तुरट. पाणी भरलेल्या शेतात पीक तहानेनं मरतंय हे लहानपणी मला समजायचंच नाही.

उत्तर लोणच्याच्या बरणीत आहे. कैरीच्या फोडींना मीठ चोळून ठेवलं की तासाभरात पाणी सुटतं. पाणी जिथे मीठ जास्त तिकडे ओढलं जातं. फोडीच्या आत कमी मीठ, बाहेर जास्त, म्हणून पाणी बाहेर. क्षारपड शेतात उसाच्या मुळाचं हेच होतं: मातीतल्या पाण्यात इतके क्षार असतात की मुळाला ते पाणी ओढून घेता येत नाही. शिवाय जे थोडं पाणी आत जातं त्यातलं सोडियम पेशींची कामं बिघडवतं.

साल्सोला हा खेळ उलटा करतं. मीठ बाहेर ठेवण्याचा आटापिटा न करता ते मीठ आत घेतं, पण कुठेही सांडू देत नाही. वनस्पतीच्या प्रत्येक पेशीत पाण्यानं भरलेली एक मोठी पिशवी असते, तिला रिक्तिका म्हणतात. साल्सोला आलेलं सोडियम आणि क्लोराइड या पिशवीत ढकलून कोंडून ठेवतं. पिशवीबाहेर, जिथे पेशीचा खरा कारभार चालतो, तिथे मीठ येऊ देत नाही. तिथला तोल सांभाळायला पेशी ग्लायसिन बिटाइनसारखे निरुपद्रवी पदार्थ स्वतः बनवून साठवतात. आता पानांच्या आतला खारटपणा मातीच्या खारटपणाहून जास्त होतो आणि पाणी आपसूक आत येतं. पानं मांसल दिसतात ती या साठवणीमुळेच. मीठ असलंच पाहिजे असंही नाही. गोड्या जमिनीतही ते मजेत वाढतं. इतरांना जिथे जगणं अशक्य तिथे याला जमतं, एवढंच.

आता ‘काली’. अशा खारट झुडपांच्या अंगात साठलेलं सोडियम झाड जाळल्यावर राखेत उरतं, सोडियम कार्बोनेट म्हणून. या राखेला अरबीत ‘अल-कली’ म्हणत. ‘अल्कली’ हा शाळेत शिकलेला शब्द तिथून आला, आणि पोटॅशियमचं लॅटिन नाव ‘कॅलियम’ व त्याची खूण ‘के’ हीदेखील तिथूनच. स्पेनच्या किनारी भागात साल्सोलाची भावंडं मुद्दाम लावून, जाळून, त्यांच्या राखेचा मोठा व्यापार चालायचा. काच आणि साबण या राखेशिवाय होत नसे. १७९१ मध्ये फ्रान्समध्ये निकोलस लब्लाँ यांनी मिठापासून सोडा बनवण्याच्या कृतीचं पेटंट घेतलं आणि पुढे हा धंदा बसला. आपल्याकडे राजस्थान, पंजाब, सिंध इथल्या खाऱ्या माळांवर वाढणाऱ्या लाणा जातीच्या झुडपांची राख म्हणजेच सज्जीखार. उडदाच्या पापडाच्या पिठात पापडखार घालायची रीत याच खारापासून आलेली. पापड तेलात पडला की फुलतो त्यात या कुळातल्या झुडपांनी जमिनीतून वेचलेल्या सोड्याची आठवण आहे असं मला दरवेळी वाटतं.

मीठ पचवण्याबरोबर साल्सोलाकडे दुसरं एक बळ आहे, आणि ते आपल्या ज्वारी-बाजरीकडेही आहे. साध्या झाडांत सूर्यप्रकाशात अन्न बनवणारं जे मुख्य विकर असतं ते गरम हवेत वरचेवर चुकतं. कार्बन डायऑक्साइडऐवजी ऑक्सिजन पकडतं आणि केलेली मेहनत वाया जाते. चूक टाळायची तर पानाची छिद्रं उघडी ठेवून भरपूर कार्बन डायऑक्साइड आत घ्यावा लागतो, पण छिद्रं उघडली की पाणी उडतं. ज्वारी, बाजरी, मका, ऊस यांनी यावर तोड काढली. बाहेरच्या थरातल्या पेशी कार्बन डायऑक्साइड पकडून आतल्या पेशींत कोंबतात. तिथे तो इतका दाटतो की विकर चुकत नाही आणि छिद्रं थोडी उघडली तरी भागतं. याला सी-४ पद्धत म्हणतात. साल्सोलाच्या दंडगोल पानाचा आडवा काप घेतला तर हिरव्या पेशींची दोन कडी दिसतात, एकात एक, आणि मधोमध पाणी साठवणाऱ्या फिकट पेशी. बाहेरचं कडं पकडणारं, आतलं शिजवणारं, मध्ये पाण्याचा रांजण. पालकाच्या कुळात हे सापडतं म्हटल्यावर मी थक्क झालो होतो.

वेटोळं घातलेलं रोप

या झाडाचं सगळ्यात विलक्षण अंग कुठलं असं विचाराल तर मी बी म्हणेन. पिकलेलं फळ जेमतेम काही मिलिमीटरचं, त्याला कडेनं पाच पारदर्शक पंख, कधी कधी गुलाबी झाक असलेले, कांद्याच्या आतल्या पापुद्र्यासारखे. पंख चोळून काढले की हातात उरतं ते भोवऱ्याच्या आकाराचं दोनेक मिलिमीटरचं बी. भिंगाखाली धरलं की पातळ सालीतून आत गोगलगायीच्या शंखासारखं हिरवं वेटोळं दिसतं.

हिरवं, हे लक्षात घ्या. गव्हाच्या किंवा मक्याच्या दाण्यात बहुतेक जागा पिठानं व्यापलेली असते, ती बाळरोपाची शिदोरी. साल्सोलाच्या बीत शिदोरीच नाही. आत आहे ते जवळजवळ पूर्ण घडलेलं रोप, वेटोळं करून ठेवलेलं, पानं हिरवी होऊन तयार. त्याला पीठ फोडून, साखर करून, पेशी वाढवत बसायचं नसतं. पाणी मिळालं की वेटोळं फक्त उलगडायचं. अनुकूल तापमानात बी भिजल्यापासून अर्ध्या तासाच्या आसपास रुजल्याचं १९६० च्या दशकातल्या प्रयोगांत दिसलं होतं. वाळवंटात पावसाची एक सर येते आणि ऊन वरचा थर तासाभरात कोरडा करतं. त्या तासात मूळ खाली पोचवण्याची ही तयारी आहे.

वेळही ते सांभाळून निवडतं. शरदात झडलेलं ताजं बी फार थोड्या तापमानांना रुजतं, म्हणून अवेळी उगवून हिवाळ्यात गोठून जायचा धोका टळतो. हिवाळा अंगावरून गेला की तेच बी गोठणबिंदूच्या जवळपासपासून चाळीस अंशांपर्यंत कुठेही रुजायला तयार होतं.

पण शिदोरी नसण्याची किंमत असते. मातीत पडून राहिलेलं बी फार टिकत नाही. बहुतेक बियांचा जीव वर्षा-दोन वर्षांत जातो. आपल्या शेतांत तणांच्या बिया वर्षानुवर्षं दबा धरून बसतात तसं याला जमत नाही. दुसरी गोष्ट, त्याचं कोवळं मूळ कडक, दबलेल्या जमिनीत शिरू शकत नाही. त्याला भुसभुशीत माती लागते. ही दोन वाक्यं लक्षात ठेवली तर त्याचा सगळा इतिहास उलगडतो.

एक मोठं झुडूप अडीच लाखांपर्यंत बिया धरू शकतं. त्या एका जागी सांडल्या तर उपयोग नाही, म्हणून प्रत्येक बी काटेरी पानांच्या बेचक्यात अडकवून ठेवलेली असते. झुडूप आपटत, उसळत जातं तसतशी थोडी थोडी सुटते. वॉशिंग्टन राज्याच्या पूर्व भागात संशोधकांनी खुणा केलेली झुडपं सहा आठवडे वाऱ्यावर सोडून मोजमाप केलं. काही जेमतेम साठ मीटर सरकली, तर एक चार किलोमीटरहून लांब गेलं. चार किलोमीटरची ही पाभर ओढायला बैल लागत नाही.

जवसाच्या पोत्यातून

अमेरिकेत हे झाड नव्हतं. १८७० च्या दशकात डाकोटा प्रांतातल्या बॉन होम काउंटीत रशियाहून मागवलेलं जवसाचं बियाणं पेरलं गेलं, आणि त्या बियाण्यात साल्सोलाची बी मिसळून आली होती. मूठभर असेल. पुढच्या वीस वर्षांत काय झालं ते अमेरिकी कृषी खात्याचे वनस्पतिशास्त्रज्ञ लिस्टर ड्युई यांनी १८९४ मध्ये लिहून ठेवलं. सुमारे ३५,००० चौरस मैलांचा सलग मुलूख त्यानं कमीजास्त व्यापला होता. म्हणजे महाराष्ट्राचा तिसरा हिस्सा भरत आला. १८९५ पर्यंत ते पूर्वेला न्यू जर्सी आणि पश्चिमेला कॅलिफोर्नियात पोचलं.

एवढा वेग एकट्या वाऱ्याचा नाही. बैठी माती आणि दाट गवत असलेल्या कुरणात या बीला मूळ घालायला जागा मिळत नाही हे वर आलंच. पण नेमक्या त्याच वर्षांत डाकोटाचं कुरण नांगराखाली येत होतं. हजारो वर्षांचा गवताचा गालिचा फाडून मैलोन् मैल भुसभुशीत माती उघडी पडत होती. शेजारून रेल्वेचे रूळ टाकले जात होते, त्यांच्या दोन्ही अंगांना उकरलेल्या मातीचे पट्टे. गुरांचे डबे, धान्याचे डबे बी घेऊन शेकडो मैल जात. मळणीयंत्र या शेतातून त्या शेतात जाई ते बी घेऊनच. हे तण अमेरिकेवर चालून आलं असं तिथे लिहिलं-बोललं जातं. मला ते पटत नाही. त्याच्यासाठी वाट नांगरून ठेवलेली होती.

लोक हवालदिल झाले हे मात्र खरं. गव्हाच्या शेतात घोड्यांचे पाय रक्तबंबाळ होत, म्हणून त्यांच्या पायांना चामडं बांधावं लागे. उत्तर डाकोटाच्या विधिमंडळात एका सदस्यानं अख्ख्या राज्याभोवती तारेचं कुंपण घालण्याची सूचना केली होती. आणि दोष देण्यासाठी माणसंही सापडली. रशियाच्या साम्राज्यातून आलेल्या, मेनोनाइट या ख्रिस्ती पंथाच्या शेतकऱ्यांनी सूड म्हणून हे बी मुद्दाम आणलं, अशी अफवा पसरली. त्या कष्टाळू, परक्या भाषेच्या माणसांवर हा आळ किती जड गेला असेल. आपल्याकडे १९५० च्या दशकात पुण्यात गाजर गवताची नोंद झाली, परदेशी गव्हातून ते आल्याचं घरोघर सांगितलं गेलं आणि ‘काँग्रेस गवत’ हे नाव त्याला जे चिकटलं ते चिकटलंच. धान्यात लपून येणारं बी कुणाला विचारून येत नाही, पण नाव मात्र कुणाच्या तरी डोक्यावर जातं.

नांगरलेल्या जमिनीशी या झाडाचं नातं किती खोल आहे हे जमिनीखाली पाहिल्यावर कळतं. बहुतेक झाडांच्या मुळांत एक बुरशी राहते. ती आपले धागे दूरवर पसरून झाडाला स्फुरद आणून देते आणि बदल्यात साखर घेते. गवताळ मैदानाची माती या धाग्यांनी विणलेली असते. साल्सोला अशी बुरशी पाळतच नाही. उलट १९८० च्या दशकातल्या प्रयोगांत असं दिसलं की ही बुरशी त्याच्या मुळात शिरली तर मुळाचा तेवढा भाग तपकिरी पडून मरतो. इतरांची मैत्रीण ती याची रोगराई. आता नांगर चालला, बुलडोझर फिरला, खाणीचा ढिगारा पडला की काय होतं बघा: बुरशीचे धागे तुटतात, तिच्यावर जगणारी गवतं लंगडी पडतात आणि साल्सोलाला मोकळं रान मिळतं. तीच जमीन निवांत ठेवली तर काही वर्षांत गवतं परततात, बुरशी परतते आणि साल्सोला स्वतःहून मागे हटतं. नेवाडात अणुचाचण्यांनी भाजून निघालेल्या जमिनीवर सुरुवातीला उगवलेल्या झाडांत ते होतं. तिथेही कारण हेच.

त्रास आणि थोडा आधार

सगळ्यात मोठा त्रास दिसत नाही, तो पाण्याचा आहे. वॉशिंग्टन राज्यात लिंड नावाच्या गावाजवळ कोरडवाहू गव्हाचं संशोधन केंद्र आहे. तिथला पाऊस वर्षाला अडीचशे मिलिमीटरच्या आतबाहेर, आपल्या माणदेशाहूनही कितीतरी कमी. तिथे मोजलं तेव्हा एका झुडपानं गव्हाबरोबर वाढताना जमिनीतून सुमारे ७० लिटर पाणी ओढलं. गहू कापून नेल्यावर, स्पर्धक कुणी उरला नसताना, थंडी पडेपर्यंत आणखी १०० लिटर. घराच्या अंगणातलं मोठं पिंप एका झुडपानं संपवलं. आणि ते पाणी पुढच्या पिकासाठी राखून ठेवायचं होतं. याशिवाय बीट आणि टोमॅटोची पानं आकसून टाकणारा विषाणू वाहणारे तुडतुडे याच झुडपांवर वाढतात.

दिसणारा त्रास बातम्यांत येतो. एप्रिल २०१८ मध्ये कॅलिफोर्नियातल्या व्हिक्टरव्हिलमध्ये वादळी वाऱ्यानं शंभरावर घरांपुढे ही झुडपं इतकी रचली की दारं उघडेनात. २०१९ च्या ३१ डिसेंबरच्या रात्री वॉशिंग्टन राज्यात एका महामार्गावर गाड्या या ढिगांत गाडल्या गेल्या. वीस-तीस फूट उंच ढीग, आणि रस्ता मोकळा करायला बर्फ ढकलणारी यंत्रं आणून सुमारे दहा तास लागले. वाळलेला काटक्यांचा गोळा म्हणजे आयती चूड. वणव्यात पेटलेलं झुडूप जाळपट्टे ओलांडून आग पलीकडे नेतं, अग्निशमनाच्या माणसांना याची फार धास्ती असते.

तो महामार्ग जिथून जातो तिथेच हॅनफर्ड आहे. नागासाकीवर टाकलेल्या बॉम्बचं प्लुटोनियम इथे बनलं. किरणोत्सर्गी कचरा जमिनीत गाडलेला आहे आणि साल्सोलाची खोल मुळं तिथवर पोचतात. स्ट्रॉन्शियम हे मूलद्रव्य रासायनिक गुणांनी कॅल्शियमसारखं. मुळाला फरक कळत नाही, ते किरणोत्सर्गी स्ट्रॉन्शियमही वर घेतं. मग शरदात झुडूप तुटून वाऱ्यावर निघतं. माणसानं पुरून ठेवलेलं जे बाहेर येऊ नये म्हणून कुंपणं आणि पहारे, ते हे झाड उचलून घेऊन चालू लागतं. त्यामुळे तिथे पथकं फिरतात, झुडपं तपासतात, किरणोत्सर्गी निघालेली गोळा करून बंदिस्त करतात. वर्षानुवर्षं चाललेलं हे काम आहे.

आणि तरीही १९३० च्या दशकात, अमेरिकेच्या मध्य भागात दुष्काळानं आणि धुळीच्या वादळांनी सगळं करपलं तेव्हा हेच एक हिरवं उरलं होतं. शेतकऱ्यांनी ते कोवळं असतानाच कापलं, वाळवलं, आणि त्या वैरणीवर गुरं जगवली. फार खाल्लं तर जनावर हगवणीनं बेजार व्हायचं, पण दावणीला मरण्यापेक्षा ते परवडलं. बहात्तरच्या दुष्काळाच्या आठवणी ऐकत मोठं झालेल्या कुणालाही त्या शेतकऱ्यांचा हिशेब समजावून सांगावा लागणार नाही. ॲरिझोनातलं चँडलर हे गाव तर १९५७ पासून दर नाताळात या वाळक्या झुडपांचाच ख्रिसमस ट्री उभारतं.

गोष्ट तिथे थांबलेली नाही. कॅलिफोर्नियात साल्सोला ट्रॅगसला साल्सोला ऑस्ट्रेलिस ही दुसरी जात भेटली. ऑस्ट्रेलियात याच जातीला रोली-पोली म्हणतात. दोघांचा संकर झाला आणि संकरात दोघांचेही सगळे गुणसूत्र एकत्र आले: एकाचे ३६, दुसऱ्याचे १८, मिळून ५४. अशा दुप्पट साठ्यामुळे संकर वांझ न राहता नवी जात म्हणून उभा राहतो. आपला गहू असाच घडला. या नव्या जातीला २००८ मध्ये साल्सोला रायनी असं नाव मिळालं, आणि कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या रिव्हरसाइड इथल्या शाना वेल्स आणि नॉर्मन एल्स्ट्रँड यांनी २०१९ मध्ये दाखवलं की ती दोन्ही आई-बापांहून जोमानं वाढते. एरवी नवी जात घडायला किती काळ लागतो याचा विचार केला तर ही आपल्या डोळ्यांदेखत घडली.

आवरायचं कसं? १९७० च्या दशकात खोड पोखरणारे छोटे पतंग पाकिस्तानसह त्याच्या मूळ मुलखांतून आणून कॅलिफोर्नियात सोडले. ते रुळले, पण झुडपांना फारसा धक्का बसला नाही. तणनाशकांपैकी एका गटाला त्यानं १९८० च्या दशकाच्या शेवटी दाद देणं सोडलं, आणि २०१५ च्या सुमारास मोंटानात ग्लायफोसेटलाही न जुमानणारी झुडपं सापडली. उरतात त्याच दोन उणिवा. बी दोन वर्षांपलीकडे टिकत नाही, म्हणून सलग दोन-तीन हंगाम एकही झुडूप बीवर येऊ दिलं नाही तर शेत जवळपास स्वच्छ होतं, शेजाऱ्याचं झुडूप कुंपणावरून आलं नाही तर. आणि दबलेल्या, गवतानं झाकलेल्या मातीत ते रुजत नाही, म्हणून रस्त्याकडेला आणि पडीक जागी मूळची गवतं लावायची आणि जमीन हलवायची नाही.

शेतात हलवावी लागतेच. लिंडच्या परिसरातले जाणते शेतकरी गहू निघाला की थांबत नाहीत. आठवडा-दहा दिवसांत, ते १०० लिटर ओढलं जायच्या आत, ट्रॅक्टरमागे रुंद सपाट पात्याचं अवजार जोडतात. पातं चार-पाच इंच खालून जातं. वरचा धसकटांचा थर जागचा हलत नाही, आत फक्त मुळं कापली जातात. आपण त्याला वखर म्हणतो. झुडूप दुपारपर्यंत मान टाकतं. अजून हिरवं असतं, बी धरलेलं नसतं.